वीजचोरीचं बिल आलंय, ग्राहक आयोगात जावं का?

दिवेलागण

नमस्कार मंडळी,

मामांसाठी विचारतोय. मामा तालुक्याच्या गावी पिठाची गिरणी चालवतात. वय ६८. खाली गिरणी, वर घर. दोन मीटर आहेत, गिरणीचा थ्री फेज आणि घराचा सिंगल फेज. यंदा फेब्रुवारीत मामांनी मिरची कांडपाचं एक छोटं यंत्र घेतलं, २ एचपीचं. वायरमन म्हणाला, गिरणीच्या बोर्डाला हात लावायला नको, वरून घरातून एक वायर सोडतो. सोडली. उन्हाळाभर गावातल्या बायकांची मिरची-मसाला तिथेच झाला.

जूनच्या पहिल्या आठवड्यात भरारी पथक आलं. वायरचे फोटो काढले, कागद केले, मामांची सही घेतली. नंतर ६१ हजार ४०० रुपयांचं बिल आलं, तेही १२ महिन्यांचं. गावात बोभाटा झाला की आण्णांनी वीज चोरली. मामा एकच वाक्य धरून बसलेत : "वीज घरच्या मीटरमधूनच गेली ना? रीडिंग पडलं, बिल भरलं. मग चोरी कसली?"

शेजारच्या काकांनी २००६-०७ च्या सुमारास अशाच एका बिलावर ग्राहक मंचात केस जिंकली होती म्हणे. ते रोज येऊन सांगतात, वकील लागत नाही, टाका केस. मामांनी अर्ज लिहूनही ठेवलाय. मी पुण्यात. मला यातलं काही कळत नाही. टाकावी का?

(कंपनीचं नाव मुद्दाम लिहीत नाही. कोणीही असो, प्रश्न कायद्याचा आहे.)

फटकळ

रुमाल टाकून ठेवतो. बाकी मामांचा मुद्दा ऐकायला झकास आहे. मीही घरच्या सिलिंडरवर वडापावची गाडी चालवतो आणि म्हणतो, गॅसचे पैसे दिले ना!

जुनाखांब

वितरणात ३१ वर्षे काढून निवृत्त झालो. त्यातली ९ मीटर टेस्टिंगला. धागाकर्त्याने रक्कम लिहिली, गावकरी काय म्हणतात ते लिहिले, पण कागदावर कलम कोणते आहे ते लिहिले नाही. १२६ की १३५? तेवढे पाहून सांगा, मग बोलू. मामांचा अर्ज तूर्त घरातच राहू द्या.

अबोली_नाशिक

मी तर म्हणेन टाका केस. आमच्याकडे मीटरचा डिस्प्ले गेला होता. सात महिने सरासरीचं बिल येत होतं, आणि मीटर बदलल्यावर एकदम ३८ हजारांची थकबाकी काढली. ऑफिसात चार खेटे घातले, मग सरळ जिल्हा ग्राहक आयोगात गेले. वकील नव्हता, मीच उभी राहिले. वेळ लागला, पण बिल दुरुस्त करून मिळालं, वर त्रासाबद्दल थोडी भरपाईही. घाबरू नका.

दिवेलागण

जुनाखांबजी, मामीला व्हॉट्सॲपवर फोटो पाठवायला सांगितला. वर लिहिलंय, "विद्युत अधिनियम २००३, कलम १२६ अन्वये तात्पुरते निर्धारण आदेश". खाली "अनधिकृत वापर : घरगुती पुरवठ्याचा अन्य प्रयोजनार्थ वापर". दर व्यापारी लावलाय, दुप्पट. चोरी हा शब्द कुठेच नाही. पोलिसांचा कागदही नाही.

जुनाखांब

म्हणजे मामांवर चोरीचा आरोपच नाही. हे आधी गावात सांगा.

१२६ म्हणजे अनधिकृत वापर. ज्या कामासाठी जोडणी दिली त्याऐवजी दुसऱ्या कामासाठी वापरणे, मंजुरी नसलेल्या जागेत वीज नेणे, फेरफार केलेल्या मीटरमधून वापरणे हे त्यात येते. १३५ म्हणजे चोरी : आकडा टाकणे, मीटर बायपास करणे, मीटरमध्ये काडी करणे. तिथे लबाडीचा हेतू असावा लागतो, फौजदारी गुन्हा होतो आणि तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. गंमत अशी की काही कृत्ये दोन्ही कलमांत आहेत. मंजूर प्रयोजन सोडून दुसरीकडे वापर हे २००७ च्या दुरुस्तीने १३५ मध्येही घातले. मग फरक राहतो तो हेतूचा. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सीताराम राइस मिल खटल्यात तो नीट उलगडून सांगितला आहे.

मामांच्या बाबतीत वायर उघड्यावर, वापर मीटरमधून, बिल भरलेले. पथकाने १३५ लावले नाही यात त्यांचा शहाणपणा दिसतो. आम्ही असताना काही साहेब सरसकट १३५ ठोकायचे, वसुली लवकर होते म्हणून.

काळाकोट

आता मूळ प्रश्नाचं उत्तर. वकिली करतो, ग्राहकांकडूनही आणि एकेकाळी एका वितरण कंपनीकडूनही केली आहे, म्हणून दोन्ही बाजूंच्या शिव्या खाल्ल्यात.

कलम १२६ च्या निर्धारणाविरुद्ध, म्हणजे अधिकाऱ्याने देय रक्कम ठरवली त्याविरुद्ध, ग्राहक आयोगात तक्रार चालत नाही. १३५ ते १४० या कलमांखालच्या गुन्ह्यांबाबतही चालत नाही. हे सर्वोच्च न्यायालयाने १ जुलै २०१३ रोजी यू. पी. पॉवर कॉर्पोरेशन विरुद्ध अनीस अहमद या निकालात सांगून टाकलं. न्या. सिंघवी आणि न्या. मुखोपाध्याय यांचं खंडपीठ होतं.

शेजारच्या काकांना खोटं ठरवू नका. त्या काळात ग्राहक मंच अशा तक्रारी घेत असत. राष्ट्रीय आयोगानेच २००८ मध्ये अन्वर अली प्रकरणात मोठ्या पीठापुढे ठरवलं होतं की मंचांना हा अधिकार आहे. ते मत २०१३ ला उलटलं. काका जिंकले ते खरं, पण तो रस्ता आता बंद झालाय, आणि गावोगावच्या सल्ल्यात अजून चालू आहे.

कारण साधं आहे. ग्राहक कायद्यात "तक्रार" म्हणजे काय ते ठरलेलं आहे : सेवेत त्रुटी, अनुचित व्यापारी प्रथा, ठरलेल्या दरापेक्षा जास्त आकारणी, धोकादायक सेवा. निर्धारण अधिकारी १२६ खाली आदेश काढतो तेव्हा तो सेवा देत नसतो, कायद्याने दिलेला निवाड्यासारखा अधिकार वापरत असतो. तो आदेश चुकीचा असू शकतो, पण चुकीचा आदेश म्हणजे सेवेतली त्रुटी नव्हे.

अबोलीताईंची केस वेगळी होती. मीटर बिघडला, कंपनीने वेळेत बदलला नाही, सरासरी चुकीची काढली. ही निखळ सेवेतली त्रुटी. तिथे आयोगाचं दार कालही उघडं होतं, आजही आहे.

रानवारा

वकीलसाहेब, मग ग्राहक कायद्यात ते "इतर कायद्यांना पूरक, त्यांना बाधा न आणता" असं कलम कशाला ठेवलंय? जुन्या कायद्यात ३ होतं, २०१९ च्या कायद्यात १०० आहे. शिवाय वीज कायद्याचं कलम १७३ म्हणतं की विसंगती असेल तर ग्राहक कायदा वरचढ. मी स्वतः वाचलंय.

हे विचारतोय कारण माझ्या भावाचं हेच झालं. २०१२ ला त्याच्या वेल्डिंगच्या शॉपवर १३५ ची केस झाली, त्याने ग्राहक मंचातून वसुलीला स्थगिती आणली. वर्षभर आम्ही निर्धास्त. मग कंपनीचा वकील एक निकालपत्र घेऊन आला आणि दहा मिनिटांत तक्रार निकाली. तोवर बाकीच्या सगळ्या मुदती उलटल्या होत्या. निकालपत्र बहुतेक तुम्ही सांगताय तेच.

काळाकोट

तेच असणार. १७३ बद्दल न्यायालयाने तुमचं म्हणणं मान्यच केलंय : दोन्ही कायदे समांतर चालतात आणि विसंगती आली तर ग्राहक कायदा वरचढ. पण वरचढ असला म्हणून जी गोष्ट मुळात "सेवा" किंवा "तक्रार" यांत बसत नाही ती त्यात कोंबता येत नाही. पूरक कायदा म्हणजे दुसरं दार. त्या दारातून आत यायची तुमची पात्रता मात्र तुम्हालाच दाखवावी लागते.

भावाच्या केसमध्ये दुसरी अडचण वर्कशॉपची. व्यापारी कारणासाठी सेवा घेणारा "ग्राहक" ठरत नाही, हाही मुद्दा त्याच निकालात आहे. स्वतः राबून, निव्वळ पोटासाठी धंदा करणाऱ्याला कायद्यात सवलत आहे. पण ते शाबीत करावं लागतं. मामा ६८ व्या वर्षी स्वतः गिरणीवर उभे राहतात, ते कदाचित त्यात बसले असते. १२६ मुळे तिथवर जायची वेळच येत नाही.

फटकळ

माझा एक बाळबोध प्रश्न. आमच्या बिलाच्या मागे "ग्राहक तक्रार निवारण मंच" असा पत्ता असतो. मग तो कोणता मंच?

जुनाखांब

बाळबोध नाही, यात शिकलेली माणसेही फसतात. तो वीज कंपनीच्या व्यवस्थेतला मंच. वीज कायद्याच्या कलम ४२(५) खाली तयार झालेला, त्याच्यावर विद्युत लोकपाल, आपल्याकडे मुंबई आणि नागपूरला. आणि ज्याला लोक ग्राहक कोर्ट म्हणतात ते जिल्ह्याच्या ठिकाणी ग्राहक कायद्याखालचे. त्याचेही नाव २०२० पर्यंत मंचच होते, आता आयोग. नाव सारखे, म्हणून माणूस एकाचा अर्ज दुसऱ्याकडे नेऊन देतो.

कंपनीच्या मंचात बिल, मीटर, नवीन जोडणी, दरवर्गवारी असल्या तक्रारी जातात, फी नाही, वकील नको. परंतु राज्य वीज नियामक आयोगाच्या विनियमांत १२६ आणि १३५ ते १३९ ची प्रकरणे त्यातूनही वगळली आहेत. म्हणजे मामांना दोन्ही मंच बंद.

रानवारा

आणि दिवाणी कोर्टात मनाई मागायची म्हटलं तर?

काळाकोट

कलम १४५. १२६ आणि १२७ खालच्या बाबींत दिवाणी न्यायालयाला अधिकारच नाही. उच्च न्यायालयात रिट टाकता येते, पण तिथे पहिला प्रश्न येतो : अपील का केलं नाही?

दिवेलागण

सगळीच दारं बंद सांगताय राव. मामांना आता काय सांगू? रात्री फोनवर रडवेले झाले होते. पैशांपेक्षा "आण्णांनी चोरी केली" हे जास्त लागलंय त्यांना.

काळाकोट

एक दार उघडं आहे, फक्त ते लवकर बंद होतं. हातातला कागद "तात्पुरता" आहे. त्याच्यावर निर्धारण अधिकाऱ्याकडेच लेखी हरकत घ्यायची, सुनावणी मागायची. तात्पुरता आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत अधिकाऱ्याने अंतिम आदेश काढायचा असतो. तेव्हा हरकत या आठवड्यातच द्या, पोच घ्या, पोचेवर शिक्का घ्या. सात दिवसांत सगळी रक्कम मान्य करून भरून टाकायची सोयही कायद्यात आहे, पण घाबरून तसं करू नका.

अंतिम आदेश पटला नाही तर त्यापासून ३० दिवसांत कलम १२७ खाली अपील. आपल्याकडे ते विद्युत निरीक्षकाकडे जातं. कंपनीचा माणूस नव्हे, शासनाचा. मात्र निर्धारित रकमेची निम्मी आधी भरावी लागते, त्याशिवाय अपील दाखलच होत नाही. निर्धारित रक्कम थकवली तर ३० दिवसांनंतर वर्षाला १६ टक्के व्याज, तेही दर सहा महिन्यांनी चक्रवाढ. लोक ग्राहक आयोगाच्या तारखा करत बसतात आणि हे मीटर मागे पळत असतं.

आणखी एक खाच. अंतिम आदेश दोन्ही बाजूंच्या संमतीने झाला तर त्यावर अपील नाही. सुनावणीत "इथे सही करा, मिटवून टाकू" म्हणतील. आकडा पटला असेल तरच सही.

जुनाखांब

हरकतीत काय लिहायचे ते माझ्याकडून घ्या. कायदा म्हणतो, अनधिकृत वापर जितका काळ झाला तितक्या काळाचे निर्धारण करायचे. तो काळ ठरवताच आला नाही तर तपासणीच्या आधीचे १२ महिने. पथकाने सरळ १२ धरले, कारण त्यांच्यापुढे दुसरा पुरावा नव्हता. तुम्हीच लिहिले आहे की यंत्र फेब्रुवारीत घेतले. पावती आहे का? वायरमनचे काही लिहिलेले? घराच्या मीटरची मागच्या दोन वर्षांची बिले काढा, युनिट कोणत्या महिन्यापासून चढले ते आपोआप दिसेल.

दुसरे, दर. व्यापारी दर लावला म्हणता. गिरणी आणि मसाला कांडप आपल्या दरपत्रकात लघुदाब औद्योगिक गटात येते, दुकानाच्या गटात नाही. दुप्पट दर लावायचा तो ज्या गटात वापर झाला त्याच्या दुप्पट. तपासणीच्या वेळी जोडभार किती लिहिला तेही पाहा. गिरणीची १० एचपीची मोटर चुकून यात मोजली असली तर आश्चर्य वाटणार नाही. मी स्वतः अशी चूक केली आहे, सुनावणीत कबूलही केली आहे.

अबोली_नाशिक

माहितीबद्दल धन्यवाद, मला वाटत होतं बिल म्हणजे बिल. चुकीचा सल्ला दिला, मागे घेते.

पण एक सांगा, १३५ असती तर? आमच्या चाळीत मागे असंच पथक आलं होतं. घरात सून एकटी, आणि हे लोक आत.

काळाकोट

१३५ असती तर जोडणी तिथल्या तिथे तोडतात. तोडल्यापासून २४ तासांत पोलिसांत तक्रार द्यायचं बंधन कंपनीवर आहे. निर्धारित रक्कम भरली की ४८ तासांत पुरवठा पूर्ववत करायचा. खटला विशेष न्यायालयात. दिवाणी देणं किती तेही तेच न्यायालय ठरवतं. आधी भरलेली रक्कम त्यापेक्षा जास्त निघाली तर जादा पैसे व्याजासह परत. म्हणजे "माझ्याकडून जास्त वसूल केले" ही तक्रार तिथेच मांडायची, ग्राहक आयोगात नाही. शिवाय कलम १५२ ची तडजोड आहे : कायद्याच्या मूळ तक्त्यात उद्योगाला किलोवॅट किंवा एचपीमागे २० हजार, व्यापाऱ्याला १० हजार, शेतीला २ हजार, बाकीच्यांना ४ हजार. मात्र आयुष्यात एकदाच.

सुनेचं म्हणाल तर राहत्या घराची झडती सूर्यास्त ते सूर्योदय घ्यायची असेल तर घरातला सज्ञान पुरुष हजर हवा, असं १३५ मध्येच लिहिलंय. जप्त केलेल्या वस्तूंची यादी करून प्रतही द्यावी लागते.

अबोली_नाशिक

सज्ञान पुरुष! म्हणजे माझा बारावी नापास पुतण्या चालेल, मी बी.एस्सी. असून चालणार नाही. कळलं.

फटकळ

ताई, +१. यावर वेगळा धागा काढा.

रानवारा

एक शंका राहतेच. कंपनीने साध्या मंद मीटरच्या बिलावर नुसता "१२६" चा शिक्का मारला तर? तपासणी अहवाल नाही, तात्पुरता आदेश नाही, सुनावणी नाही. तरी ग्राहकाने आयोगात जायचं नाही?

काळाकोट

चांगला प्रश्न, आणि इथे मी कोर्टात दोन्ही बाजूंनी भांडलोय. माझं मत असं की बिलावरचा आकडा पुरेसा नाही, कागदांची साखळी हवी : जागेची तपासणी, तात्पुरता आदेश, हरकतीची संधी, अंतिम आदेश. यातलं काहीच नसेल तर ते १२६ चं निर्धारण कसलं, नुसतं वाढवलेलं बिल आहे, आणि ते आयोगापुढे मांडता येतं. पण समोरचा वकील अनीस अहमद पहिल्या तारखेलाच पुढे करणार. म्हणून अशिलाला सांगतो, आयोगात जायचंच असेल तर इकडची ३० दिवसांची मुदत राखून जा. मामांकडे तर तात्पुरता आदेश रीतसर आलेला आहे. तिथे हा युक्तिवाद करायला जागाच नाही.

दिवेलागण

अपडेट १ : शनिवारी गावी जाऊन आलो. यंत्राची पावती सापडली, मामीने ती देव्हाऱ्याच्या खणात ठेवली होती, यंत्राची पूजा केली तेव्हापासून. तारीख फेब्रुवारीची. घरची बिलंही काढली. जानेवारीपर्यंत ९०-१०० युनिट, मार्चला २६०. जोडभारात गिरणीची मोटर धरलेली नाही, यंत्र २ एचपीच लिहिलंय. सोमवारी हरकत दिली. काउंटरवरचा माणूस पोच द्यायला तयार नव्हता. मामीने शांतपणे बाकावर बसकण मारली आणि पिशवीतून भाजी निवडायला काढली. अर्ध्या तासात शिक्का मिळाला.

मामांचा ग्राहक आयोगाचा अर्ज मी घेऊन आलोय. हस्ताक्षर इतकं सुंदर आहे की फाडवत नाही.

जुनाखांब

मामींना माझा नमस्कार सांगा.

दिवेलागण

अपडेट २ : सुनावणी झाली, अंतिम आदेश आला. अधिकारी बरे होते. पावती आणि बिलं पाहून काळ चार महिने धरला. दराचं म्हटल्यावर त्यांनी दरपत्रक उघडलं, पानं उलटली आणि औद्योगिक दर मान्य केला. ६१ हजार ४०० चे १६ हजार ८७० झाले. संमतीचा कागद पुढे केला तेव्हा काळाकोट यांची खाच आठवली. बाहेर येऊन मामांना विचारलं, अपील करायचं का? म्हणाले, "वायर सोडली ती आपणच ना." सही केली, पैसे भरले, पावती देव्हाऱ्याच्या त्याच खणात गेली.

मामांनी तात्पुरत्या आदेशाची झेरॉक्स गिरणीच्या दारावर लावलीय. "अनधिकृत वापर" या शब्दांखाली लाल पेनाने रेघ मारलीय आणि शेजारी स्वतःच्या त्या सुंदर अक्षरात लिहिलंय : चोरी नव्हे.

कांडप यंत्र आता गिरणीच्या मीटरवर घेतलंय, वाढीव भाराचा अर्जही दिलाय. सगळ्यांचे मनापासून आभार.

फटकळ

अभिनंदन! कांडपाचा दर काय लावतात मामा किलोला? आमच्याकडे बेडगीचं पोतं पडून आहे.

दिवेलागण

मामांना विचारून सांगतो. देठं मात्र तुम्हीच काढून आणायची, असं मामी म्हणेल.